फ्रबे, गेर्ट

फ्रबे, गेर्ट : (२५ फेब्रुवारी १९१३ – ५ सप्टेंबर १९८८). युद्धोत्तर काळातील जर्मन रंगभूमी, चित्रपट व दूरचित्रवाणी अभिनेता. पूर्ण नाव कार्ल गेरहार्ट फ्रबे. आडनावातील स्वर मराठीत नेमका उतरत नसल्याने ‘फ्रोबे’ असेही लिहितात. जन्म सॅक्सनीतील ओबरप्लानित्स येथे. हे गाव आता त्स्विकाऊ शहरात समाविष्ट आहे. लहानपणापासून तो व्हायोलिन वाजवी आणि केसांच्या रंगामुळे ‘त्स्विकाऊचा तांबडा व्हायोलिनवादक’ म्हणून ओळखला जाई. ड्रेझ्डेनच्या नाट्यगृहात पडदे रंगवण्याची उमेदवारी करीत असताना त्याने एरिख पोंटो या ज्येष्ठ नटाकडे अभिनयाचे धडे घेतले. पुढे वुपर्टाल व फ्रँकफुर्ट येथील नाट्यसंस्थांतून तो व्हिएन्नाला गेला. सप्टेंबर १९४४ मध्ये जर्मन राजवटीने नाट्यगृहे बंद केल्यावर त्याची सैन्यात भरती झाली.

‘बर्लिनर बलाड’ (१९४८, दिग्दर्शक रोबेर्ट श्टेमले) या उपहासात्मक चित्रपटातील ओटो नॉर्मालफरब्राउखर ही त्याची पहिली गाजलेली भूमिका. युद्धावरून उद्‌ध्वस्त बर्लिनमध्ये परतलेला हा सैनिक हाडकुळा व गोंधळलेला आहे. नंतरचा धिप्पाड फ्रबे ज्यांना ठाऊक आहे, त्यांना हा तोच नट हे सांगावे लागते. आज जर्मन भाषेत हे नाव ‘सर्वसामान्य माणूस’ या अर्थाने रूढ असून त्याच्या उगमाविषयी थोडा घोळ आहे. ते संपूर्णपणे चित्रपटाने घडवले, असे लोकप्रिय लेखनात आढळते. वस्तुतः ‘नॉर्मालफरब्राउखर’ हा रेशन खात्याचा शब्द होय. ज्यांना अवजड कामासाठी किंवा अन्य कारणाने जादा शिधा मिळत नसे, अशा सामान्य कार्डधारकाला तो लावत. शिधावाटप युद्धानंतरही चालू राहिल्याने प्रेक्षकांना तो शब्द पाठच होता. या सरकारी वर्गवारीला ‘ओटो’ हे नाव जोडून तिचा माणूस केला, एवढेच श्रेय चित्रपटाला आणि त्याचा पटकथालेखक, कॅबरे लेखक ग्युंटर नॉयमान याला देणे अधिक सयुक्तिक वाटते.

यानंतरचे दशक बहुतांशी दुय्यम भूमिकांचे होते. ‘एस गेशाह आम हेललिश्टन टाग’ (भर दिवसा घडले, १९५८) या चित्रपटात त्याने लहान मुलींचा खुनी श्रोट रंगवला. स्विस लेखक फ्रीड्रिख ड्युरेनमाटचा पटकथेत सहभाग असलेल्या या चित्रपटात हाइन्त्स र्‍यूमान पोलीस अधिकाऱ्याच्या भूमिकेत होता. बायकोच्या धाकात दबलेला, मुलींशी गोड बोलणारा हा खुनी फ्रबेने आरडाओरडा न करता साकारला. त्याच्या कारकीर्दीतील ही सर्वांत सूक्ष्म भूमिका मानावी लागेल. १९६० ते १९६२ दरम्यान डॉ. माबुझे या गुन्हेगारी सूत्रधारावरील मालिकेतील तीन चित्रपटांत मात्र तो कायद्याच्या बाजूला, पोलीस अधिकारी म्हणून दिसतो. यांपैकी पहिला दिग्दर्शक फ्रिट्स लांगचा अखेरचा चित्रपट होय. ‘द लाँगेस्ट डे’मधील (१९६२) जर्मन सैनिक आणि व्होल्फगांग श्टाउटेच्या ‘द थ्रीपेनी ऑपेरा’मधील (१९६३) भिकाऱ्यांचा म्होरक्या पीचम याही याच काळातील भूमिका.

‘गोल्डफिंगर’ (१९६४) या जेम्स बाँड चित्रपटातील त्याच नावाच्या खलनायकाच्या भूमिकेने तो जगभर पोहोचला. निर्मात्यांचे लक्ष वरील खुन्याच्या भूमिकेमुळे त्याच्याकडे गेले, असे सामान्यतः सांगितले जाते. त्याचे इंग्रजी जुजबी होते. संवाद तो उच्चार पाठ करून म्हणे, पण फार सावकाश. म्हणून नंतरच्या ध्वनिमुद्रणाशी मेळ बसावा यासाठी त्याला वेग वाढवायला लावला. इंग्रजी आवृत्तीतील आवाज मायकेल कॉलिन्स या नटाचा, तर जर्मन आवृत्तीतला त्याचा स्वतःचा आहे. म्हणजे ज्या भूमिकेने त्याला कीर्ती दिली, तिचे अर्धे श्रेय इंग्रजी प्रेक्षकाने नकळत दुसऱ्यालाच दिले.

१९६५ मध्ये एका इंग्रजी वृत्तपत्राने, आपण नाझी होतो अशी फ्रबेची कबुली छापली आणि इझ्राएलमध्ये त्याच्या चित्रपटांवर बंदी आली. तो १९२९ मध्ये, म्हणजे सोळाव्या वर्षाच्या सुमारास, नाझी पक्षाचा सदस्य झाला आणि बहुतेक चरित्रकारांच्या मते १९३७ मध्ये बाहेर पडला. आपल्या विधानाचा विपर्यास झाला, असे त्याचे म्हणणे होते : पक्षाचा सदस्य असूनही दोन ज्यूंना मदत करता आली, एवढेच आपण सांगितले होते. त्यानंतर, त्याने आपल्याला व आपल्या आईला लपवून वाचवले, अशी साक्ष एका ज्यू गृहस्थाने व्हिएन्नातील इझ्राएली वकिलातीत दिली आणि बंदी उठली. पक्षत्यागामागील हेतू ठरवण्यास एवढा पुरावा पुरत नाही. मदतीची साक्ष मात्र मदत मिळालेल्याचीच असल्याने ती ग्राह्य धरली जाते.

‘इज पॅरिस बर्निंग?’मध्ये (१९६६) त्याने पॅरिसचा जर्मन सेनानी फोन खोल्टिट्स उभा केला, तर ‘चिटी चिटी बँग बँग’मध्ये (१९६८) बालिश सरदार बाँबर्स्ट. इटालियन दिग्दर्शक व्हिस्कोंतीच्या ‘लुडविग’मध्ये (१९७३) तो धर्मगुरू, ‘रॉयबर होत्सेनप्लोत्स’मध्ये (१९७४) मुलांचा लाडका दरोडेखोर, तर स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनच्या ‘द सर्पंट्स एग’मध्ये (१९७७) पोलीस निरीक्षक होता. दूरचित्रवाणीवर ‘द लिटल व्हँपायर’ या बालमालिकेत तो गुप्तहेर झाला. क्रिस्टियान मोर्गनश्टेर्नच्या विक्षिप्त विनोदी कवितांचे त्याचे एकपात्री वाचनही लोकप्रिय होते. त्याने पाच विवाह केले. म्यूनिक येथे हृदयविकाराच्या झटक्याने त्याचे निधन झाले. दफन जवळच्या इकिंग गावी.