घरच्यांच्या विरोधात लग्न, धमक्या आणि पोलीस संरक्षण: अर्ज अडतो तो इथे

घरच्यांच्या मर्जीविरुद्ध लग्न केलं, धमक्या सुरू झाल्या, म्हणून थेट हायकोर्ट गाठणाऱ्या जोडप्यांना पहिला प्रश्न हमखास येतो: पोलिसांकडे गेला होतात का? पोच कुठाय? ती बहुतेकांकडे नसते. ठाण्यात गेलेले असतात, पण ‘आईवडिलांना बोलावून घेऊ, बसून मिटवा’ एवढं ऐकून घाबरून निघून आलेले असतात.

खरं तर ठाणे अंमलदाराला असा सल्ला द्यायचं कारणच नाही. ‘ऑनर किलिंग’विरोधात शक्ती वाहिनी या संस्थेने केलेल्या याचिकेत सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये घालून दिलेली पद्धत अशी: प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष, तक्रारीची प्राथमिक चौकशी अपर पोलीस अधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याकडून, धोका खरा वाटला तर आठवड्याच्या आत अधीक्षकांना अहवाल, आणि गरज पडल्यास सुरक्षित निवारा. निवारा आधी महिनाभरासाठी, मग दर महिन्याला धोका पाहून वाढवून, जास्तीत जास्त वर्षभर. लग्न अजून व्हायचं असलं तरी ही मदत मागता येते.

तेव्हा अर्ज लेखी करा, दोन प्रतींत. ठाण्यात घेत नसतील तर पोलीस अधीक्षकांना (शहरात आयुक्तांना) स्पीड पोस्टाने पाठवा, ईमेलही करा. पावती जपा, हायकोर्टात तीच कामाला येते.

अर्जात ‘आमच्या जिवाला धोका आहे’ एवढंच लिहून भागत नाही. कोणी, कोणत्या तारखेला, कोणत्या नंबरवरून, काय म्हटलं, ते त्याच शब्दांत लिहा. शिव्या असतील तर शिव्याही. खरा धोका दिसत नसेल तर केवळ पळून लग्न केलं म्हणून संरक्षण हक्काने मागता येणार नाही, असं अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०२५ मध्ये म्हटलं आहे. स्क्रीनशॉटमध्ये नंबर आणि तारीख दिसू द्या. मूळ मेसेज पुसू नका, फोन विकू नका.

सगळ्यात जास्त अडतं ते वयाच्या पुराव्यावर. मुलगी अंगावरच्या कपड्यांनिशी निघालेली, दाखला घरच्या कपाटात. आधारवर विसंबू नका, तो जन्मतारखेचा पक्का पुरावा मानला जात नाही. दहावीचं प्रमाणपत्र डिजिलॉकरवर मिळू शकतं, पण आधारला मोबाईल नंबर वडिलांचा जोडलेला असला की ओटीपी त्यांच्याच फोनवर वाजतो! नंबर आधी बदला. आधार केंद्रावर बोटांचे ठसे देऊन तो बदलता येतो, वेगळा कागद लागत नाही. फक्त गावातलं केंद्र नको. आणि शाळेत दुय्यम दाखला मागायला जाल, तर संध्याकाळपर्यंत घरी कळलं म्हणून समजा.

घरच्यांनी ‘मिसिंग’ (मुलगी हरवल्याची तक्रार) दिली असेल तर लपून बसू नका. मुलगी सज्ञान असेल तर ‘मी स्वखुशीने आले’ हा तिचा जबाब लवकर नोंदवून घ्या. गावच्या ठाण्यात जाणं धोक्याचं वाटत असेल तर सध्या राहता तिथल्या ठाण्यात वकिलासोबत जा, आणि तिथून गावच्या ठाण्याला कळवायला लावा.

यानंतरही पोलीस हलले नाहीत, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टात रिट याचिका, म्हणजे पोलिसांना आदेश द्या अशी मागणी. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्गकरांना ऑगस्ट २०२५ पासून मुंबई हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, मुंबईची वारी चुकली. वकिलाचे पैसे नाहीत म्हणून थांबू नका: स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्न न बघता मोफत विधी सेवा मिळते. एक मात्र वकिलाला आधीच सांगा. याचिकेत आईवडील प्रतिवादी असतील तर त्यांना प्रत जाते, आणि त्या प्रतीवर तुमचा सध्याचा पत्ता छापलेला असायला नको.

आदेश झाला म्हणजे दाराशी बंदूकधारी शिपाई उभा राहील, असंही नाही. पुष्कळदा आदेश एवढाच असतो की पोलिसांनी धोका तपासून निर्णय घ्यावा. तो आपोआप ठाण्यात पोचेल या भरवशावर राहू नका. प्रत घेऊन स्वतः जा, पोच घ्या, आणि बीटच्या, म्हणजे तुमचा भाग ज्याच्याकडे आहे त्या, अंमलदाराचा मोबाईल नंबर मागून घ्या. मधल्या काळात काही झालंच तर ११२ वर फोन करा.