घाटघर: सह्याद्रीच्या कड्यावरचे विरळ गाव

जुन्नरहून पश्चिमेकडे सुमारे ३० किलोमीटर गेले की पठार एकाएकी तुटते आणि समोर कित्येकशे मीटर खाली कोकण पसरलेले दिसते. या तुटलेल्या कडेला, जीवधन किल्ल्याच्या पायथ्याशी, घाटघर हे गाव आहे. (अकोले तालुक्यातील जलविद्युत प्रकल्पाचे घाटघर ते हे नव्हे.) वस्ती थोडी आणि तीही विखुरलेली, रहिवासी प्रामुख्याने महादेव कोळी समाजाचे, आणि शेते म्हणजे ओढ्यांच्या काठची लहान लहान भातखाचरे. दोन हजार वर्षांपूर्वी मात्र दख्खनच्या व्यापाराचा एक मोठा ओघ याच ठिकाणाहून वाहत होता. या गावाचे तेव्हाचे महत्त्व आणि आजचे एकाकीपण या दोन्हींचे मूळ तेथील कड्यात आहे.

हा कडा ज्या बेसाल्ट खडकाचा बनला आहे, तो सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी भूपृष्ठाच्या भेगांतून बाहेर पडलेल्या लाव्हाचा आहे. लाव्हाचे थर एकावर एक साचत गेले आणि त्यांनी व्यापलेले क्षेत्र आजही सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर भरते. सगळे थर सारखे टणक नसतात. थराचा मधला भाग घट्ट असतो, तर वरच्या भागात वायूच्या बुडबुड्यांनी केलेल्या पोकळ्या असतात, आणि काही ठिकाणी दोन थरांच्या मध्ये लाल मातकट पट्टाही आढळतो. हे मऊ भाग लवकर झिजतात, त्यांच्यावरचा टणक भाग निराधार होतो आणि लाव्हा थंड होताना पडलेल्या उभ्या भेगांवर तुटून खाली कोसळतो. त्यामुळे कडा झिजत असला तरी त्याचा उतार सौम्य होत नाही. तो उभाच राहून मागे, म्हणजे पूर्वेकडे, सरकत जातो. भारताचा पश्चिम किनारा सेशेल्सच्या भूखंडापासून तुटून वेगळा झाल्यापासून हे सरकणे चालू आहे आणि आज या अक्षांशावर कडा समुद्रापासून सुमारे ९० किलोमीटर आत आहे. जीवधनला लागून उभा असलेला वानरलिंगी हा सुळका अशाच झिजेतून मागे उरलेला आहे.

पावसाळ्यात येथे गर्दी होते ती उलट्या धबधब्यासाठी. कड्यावरून पडणारे पाणी खाली न जाता वर उडून पठारावर परत येते, आणि पाहणारा प्रथम चकित होतो. यात चमत्कार नाही, साधे गणित आहे. हवेतून पडणारा पाण्याचा थेंब अमर्याद वेग घेत नाही. हवेचा विरोध आणि थेंबाचे वजन यांचा तोल साधला की त्याचा वेग स्थिर होतो. एक मिलिमीटर व्यासाच्या थेंबासाठी हा वेग सेकंदाला सुमारे ४ मीटर आणि पाच मिलिमीटरच्या थेंबासाठी सुमारे ९ मीटर असतो. अरबी समुद्रावरून येणारा वारा कड्यावर आदळला की त्याला वर चढण्यावाचून गत्यंतर नसते. त्याचा वर जाण्याचा वेग ताशी ४० किलोमीटर, म्हणजे सेकंदाला सुमारे ११ मीटर झाला, तर पावसाच्या मोठ्या थेंबालाही तो खाली पडू देत नाही. मात्र पाण्याची धार पातळ असून तिचे थेंब झालेले असावे लागतात. ओढा भरून वाहू लागला की तेच पाणी मुकाट्याने कोकणात उतरते.

वर चढणाऱ्या याच वाऱ्यातून पाऊसही पडतो. वर जाताना हवा प्रसरण पावते, थंड होते आणि तिच्यातील बाष्पाचे पाणी होते. कड्यावर मुसळधार कोसळून वारा पूर्वेला उतरू लागला की पाऊस झपाट्याने कमी होतो. म्हणून घाटघरात भात पिकतो आणि तेथून जुन्नरपर्यंत पोहोचेतो बाजरीचा प्रदेश सुरू झालेला असतो. कडा हा जलविभाजकही आहे: पश्चिमेला पडलेले पाणी उल्हास नदीच्या खोऱ्यातून अरबी समुद्रात जाते, तर पूर्वेचे पाणी येथे उगम पावणाऱ्या कुकडीतून घोड, भीमा आणि कृष्णा या नद्यांमार्गे थेट बंगालच्या उपसागरापर्यंत जाते.

अशा उभ्या भिंतीतून जेथे वाट निघते, तेथे सगळी वाहतूक एकवटते. कल्याण आणि सोपारा या बंदरांतून निघालेला माल कड्याच्या पायथ्याच्या वैशाखरे गावापर्यंत सपाटीने येई आणि घाटघरजवळच्या नाणेघाटाच्या चिंचोळ्या खिंडीतून चढून जुन्नरला, पुढे पैठण आणि तेर या नगरांकडे जाई. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील एका ग्रीक सागरी वृत्तांतात कल्याण, पैठण आणि तेर या तिन्ही ठिकाणांचा उल्लेख आहे, आणि जुन्नरच्या लेण्यांत यवन, म्हणजे ग्रीक, दात्यांचे शिलालेखही आहेत. खिंडीच्या माथ्यावर एक मोठा दगडी रांजण आहे. त्यात जकातीची नाणी टाकली जात, अशी परंपरागत समजूत आहे.

खिंडीच्या तोंडाशी खोदलेल्या लेण्यात सातवाहन राजघराण्यातील व्यक्तींच्या मूर्ती मागच्या भिंतीवर कोरलेल्या होत्या. मूर्ती नष्ट झाल्या असल्या तरी नावे उरली आहेत, आणि त्यांत सिमुक, सातकर्णी आणि राणी नागनिका यांचा समावेश आहे. बाजूच्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत आणि प्राकृत भाषेत मोठा लेख आहे. आरंभी इंद्र, संकर्षण, वासुदेव, चंद्र, सूर्य आणि चार लोकपाल यांना वंदन असून पुढे अश्वमेध, राजसूय अशा यज्ञांची आणि त्यांत दिलेल्या दक्षिणेची यादी येते. कर्नल साइक्स यांनी १८२८ च्या सुमारास या लेखाकडे अभ्यासकांचे लक्ष वेधले, आणि पुढे भगवानलाल इंद्रजी व ब्यूलर यांनी त्याचे वाचन केले.

माझ्या मते या लेखातील सर्वांत मोलाचा भाग म्हणजे त्यातील आकडे. गाई, घोडे आणि कार्षापण नाणी यांच्या संख्या येथे चिन्हांनी लिहिल्या आहेत, आणि त्यामुळे भारतीय अंकांच्या जुन्या नमुन्यांत नाणेघाटाचे स्थान फार वरचे आहे. मात्र ही पद्धत आपली नव्हे. तिच्यात शून्य नाही आणि अंकाचे मूल्य त्याच्या स्थानावरून ठरत नाही. दहा, वीस, शंभर आणि हजार यांना स्वतंत्र चिन्हे आहेत. चारशे लिहायचे तर शंभराच्या चिन्हाला चाराचे चिन्ह जोडायचे, चार हजारांसाठी चाराचे तेच चिन्ह हजाराच्या चिन्हाला, आणि वीस हजारांसाठी हजाराला विसाचे चिन्ह. २४,४०० कार्षापण अशी रक्कम अशा तीन जोडचिन्हांनी मांडली आहे: वीस हजार, चार हजार, चारशे. ज्या लेखकाने ही बेरीज दगडावर उतरवली, त्याला शून्यावाचून काही अडत नव्हते, कारण रिकामी जागा दाखवण्याची वेळच त्याच्यावर येत नव्हती.

व्यापाराची ही वाट पावसाळ्यानंतर चालत असे. गलबते मान्सूनच्या वाऱ्यांबरोबर येत आणि बैलांचे तांडे कोरड्या ऋतूत घाट चढत, म्हणजे नेमके कड्यावरचे पाणी आटत जाण्याच्या काळात. घट्ट बेसाल्टमध्ये पाणी फारसे मुरत नाही; ते भेगांत आणि वरच्या झिजलेल्या थरात जेवढे साठते, तेवढे उतारावरून लवकर वाहून जाते. म्हणून खिंडीत खडक खोदून पाण्याची टाकी केलेली आहेत, आणि त्यांपैकी एक सोपाऱ्याच्या गोविंददासाने दिल्याचे तेथील लेख सांगतो.

मध्ययुगात जीवधनच्या रूपाने घाटावर पहारा राहिला, परंतु बोरघाटातून १८३० मध्ये गाडीरस्ता आणि १८६३ मध्ये रेल्वे सुरू झाल्यावर चाकांना न झेपणारी ही पायवाट मागे पडली. पुढे मोटारींनी माळशेज घाट धरला. घाटघर जिथे होते तिथेच राहिले, मात्र त्याच्यावरून कोणी जाईनासे झाले.

आज गावाचा आधार म्हणजे भात, नाचणी, वरई आणि हिरडा. कोवळी फळे वाळवून केलेला बाळहिरडा विकून पावसाळ्यापूर्वी थोडी रोकड हाती येते. भाताचे एकच पीक, आणि एवढा पाऊस पडूनही उन्हाळ्यात विहिरी कोरड्या, त्यामुळे खळे उरकले की जुन्नरच्या पश्चिम पट्ट्यातील कितीतरी कुटुंबे मजुरीसाठी पूर्वेकडे, नारायणगावच्या बाजूच्या भाजीपाल्याच्या मळ्यांवर जातात. कुकडीचे पाणीही त्याच दिशेने जाते: माणिकडोहच्या धरणात अडते, येडगावला पोहोचते आणि कालव्यांनी पारनेर, श्रीगोंदा, कर्जत आणि करमाळ्यापर्यंतची शेते भिजवते. कालव्याला चढ चढता येत नाही, त्यामुळे धरणाच्या वर असलेल्या घाटघराच्या वाट्याला त्यातले काही येत नाही.