प्रमोशन रखडलं की शिक्षकाला कोर्टात काय मिळतं?

झेडपीचा शिक्षक काय आणि खाजगी अनुदानित शाळेतला काय, दोघांचा पगार शेवटी सरकारी तिजोरीतूनच येतो, पण प्रमोशन अडलं की दोघांचे रस्ते पार वेगळे.

खाजगी शाळांचा कारभार आधी माध्यमिक शाळा संहितेवर चालायचा, म्हणजे सरकारी सूचनांवर, त्याला कायद्याचं बळ नव्हतं. संस्थाचालकांनी सीनियर सरांना बाजूला सारून मर्जीतल्या माणसाला हेडमास्तर केलं तर बोलायची सोय नाही. मग १९७७ चा एमईपीएस कायदा, म्हणजे खाजगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा कायदा आला, लागू झाला १९८१ ला, आणि त्याच्या कलम ९ मधे बडतर्फी, पदावनती यांच्या जोडीला प्रमोशनमधे डावलणं हेही अपिलाचं कारण ठरलं, ३० दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे जायचं. पण मेख अशी की डावललं म्हणायला दुसऱ्या कुणाची तरी नेमणूक व्हावी लागते. संस्थेने जागा भरलीच नाही, प्रभारीवरच वर्षं ढकलली, तर अपील कशावर करणार? मग हायकोर्टच गाठावं लागतं.

झेडपीवाल्यांना तेवढंही नाही. एमईपीएस स्थानिक स्वराज्य संस्थांच्या शाळांना लागू नाही, १९९१ ला आलेलं मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, राज्य सरकारी कर्मचाऱ्यांसाठी, झेडपीचा माणूस त्यात बसत नाही. उरतं राज्यघटनेच्या कलम २२६ खालचं रिट, म्हणजे थेट हायकोर्टातली याचिका.

आणि रिटमधे मिळतं काय? प्रमोशन हा हक्क नाही, प्रमोशनसाठी विचार होणं हा हक्क आहे, असं सुप्रीम कोर्ट सांगत आलंय, त्यामुळे बहुतेक वेळा हायकोर्ट म्हणतं की अर्जावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या. ऑफिस निर्णय घेतं, 'अमान्य'. झालं, आदेश पाळला गेला, आता अवमान याचिका तरी कशाची करणार, परत नवीन रिट. २००८ च्या सी. जेकब प्रकरणात तर सुप्रीम कोर्टाने हायकोर्टांनाच टोकलं होतं की असे आदेश सरसकट देऊ नका, मेलेले दावे त्यातून परत जिवंत होतात.

उशिराबद्दल कोर्ट कडकच आहे. सदाशिवस्वामी केसमधे (१९७५ ला छापून आलेला निकाल) म्हटलंय की ज्युनियर पुढे गेला की सहा महिन्यांत, फार तर वर्षात कोर्टात या. आपले लोक मात्र अर्जावर अर्ज देत बसतात, साहेब बघतो म्हणतात, आणि अर्ज देत राहिल्याने मुदत काही वाढत नाही. रिटायर झाल्यावर तर आशा फारच कमी, कारण पद प्रत्यक्ष स्वीकारल्याशिवाय प्रमोशन लागू होत नाही असं २०२४ मधे पश्चिम बंगालच्या एका केसमधे पुन्हा सांगितलं गेलं.

अर्थात दरवेळी क्लार्कच्या टेबलवरच फाईल अडते असंही नाही. आरटीई म्हणजे शिक्षण हक्क कायद्यात प्राथमिकला १५० च्या वर पट असेल तरच हेडमास्तर, म्हणजे पट घसरला की पदच गेलं. शिवाय प्रमोशनमधल्या आरक्षणाचा २००४ चा जीआर हायकोर्टाने ऑगस्ट २०१७ ला रद्द केला, प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं, मग ७ मे २०२१ ला पदं सीनियॉरिटीने भरायचा जीआर निघाला, मधली वर्षं कोणाच्या खात्यात टाकायची?

त्यात १ सप्टेंबर २०२५ चा टीईटीचा (शिक्षक पात्रता परीक्षेचा) सुप्रीम कोर्टाचा निकाल, जो महाराष्ट्र आणि तामिळनाडूतल्या केसेसवर आला. रिटायरमेंटला पाच वर्षांहून कमी उरलेत त्यांची नोकरी टीईटीशिवाय राहील, पण प्रमोशन मात्र मिळणार नाही. आता ज्यांचं नाव आधीच्या प्रमोशनच्या यादीत होतं पण ऑर्डर निघाली नाही ते म्हणणार, जागा तेव्हाची, नियमही तेव्हाचाच लावा. १९८३ च्या रंगय्या निकालात हेच मान्य झालं होतं, तिथेही ऑफिसने वेळेत पॅनेल (प्रमोशनची यादी) केलं नव्हतं आणि मधेच नियम बदलला होता. पण तो निकाल २०२२ मधे राज कुमार प्रकरणात सुप्रीम कोर्टानेच मोडीत काढला, त्यामुळे उशीर ऑफिसचा असला तरी नियम आजचाच लागेल अशी शक्यता जास्त.