सुरुंगातलं घड्याळ

१ एप्रिल २०२५ पासून देशात इलेक्ट्रिक डिटोनेटर (तारेतून आलेल्या विजेने सुरुंग पेटवणाऱ्या छोट्या नळ्या) बनवणं, बाळगणं आणि आयात करणं बंद झालं. चर्चा झाली ती त्यांच्या गैरवापराची आणि सुरक्षेची, आणि ते योग्यच होतं. पण आता खाणींत जे इलेक्ट्रॉनिक डिटोनेटर वाढत चालले आहेत, त्यांच्या पोटात एक चिमुकलं घड्याळ असतं. त्याच्याबद्दल बोललं जायला हवं, निदान चंद्रपूर-वणीच्या कोळसा पट्ट्यात तरी, कारण तिथल्या घरांच्या भिंती याच घड्याळाच्या भरवशावर उभ्या आहेत.

खाणीत सगळे सुरुंग एकदम उडतात, असा बहुतेकांचा समज असतो. तसं केलं तर अनर्थ होईल. समजा, बेंचवर (खाणीत पायरीसारख्या कापलेल्या थरावर) सुरुंगाचे १०० होल आहेत आणि प्रत्येकात ५० किलो स्फोटक भरलंय. सगळे एकाच क्षणी उडाले तर जमिनीला ५,००० किलोचा हादरा बसेल. त्याऐवजी दोन होलांमध्ये १७ मिलिसेकंदांचं (सेकंदाच्या हजाराव्या भागांचं) अंतर ठेवलं, तर सगळा खेळ पावणेदोन सेकंदांत आटोपतो आणि जमिनीला एका वेळी ५० किलोचाच धक्का कळतो. लांब उभ्या माणसाला मात्र एकच गडगडाट ऐकू येतो. ८ मिलिसेकंद किंवा त्याहून जास्त अंतराने उडालेले सुरुंग वेगवेगळे धरायचे, हा जुना अमेरिकी नियम अजूनही जगभर ठोकताळा म्हणून वापरला जातो.

दगड फुटण्यासाठीही हे अंतर लागतं. गच्च भरलेल्या लोकलमधून दारातला माणूस उतरल्याशिवाय मागच्याला हलता येत नाही, तसंच हे. पुढची रांग फुटून सरकली की मागच्या रांगेला मोकळा दर्शनी भाग मिळतो. स्फोटाची दाबलाट त्या मोकळ्या पृष्ठभागावर आदळून परतते ती ताणाची लाट होऊन. दगड दाब भरपूर सोसतो, पण ताण त्याच्या दहाव्या हिश्श्याइतकाच सोसू शकतो, म्हणून तो तिथे तडकतो. मागची रांग घाईने उडाली तर दगडाला पुढे जागाच नसते. तो वर उसळतो, आणि असे उडालेले दगड माणसं मारतात.

आता खरी गंमत. हा उशीर मोजायचा कसा? विजेशिवाय चालणाऱ्या शॉक ट्यूबच्या पद्धतीत, म्हणजे बारीक नळीतून धक्कालाटेने संदेश पोचवण्याच्या पद्धतीत, डिटोनेटरमध्ये मंद जळणाऱ्या मिश्रणाची एक बारीक कांडी असते. ती जळून संपली की डिटोनेटर उडतो. होलाच्या तळाशी साधारण ५०० मिलिसेकंदांचा उशीर ठेवतात, म्हणजे दगड हलून वरच्या नळ्या तुटायच्या आत संदेश खाली पोचलेला असतो. पण कांडी जळण्याचा वेग तापमानाने, साठवणुकीने, भरताना पडलेल्या दाबाने बदलतो. चूक फक्त दोन टक्के धरा. ५०० चे दोन टक्के म्हणजे १०. पहिला होल १० ने उशिरा उडाला आणि शेजारचा १० ने लवकर, तर मधले १७ संपून वर ३ उरतात. दुसरा होल पहिल्याच्या आधी उडाला! कागदावरचा क्रम कागदावरच राहिला.

इलेक्ट्रॉनिक डिटोनेटरमध्ये कांडीच्या जागी चिप, आंदोलक (ठराविक वेगाने विजेचे ठोके देणारा भाग) आणि कपॅसिटर (थोडी वीज साठवणारा भाग) असतो. आंदोलकाचे ठोके मोजून चिप वेळ ठरवते. चूक हजारात एखादा भाग, म्हणजे ५०० मध्ये अर्धा मिलिसेकंद. एकदा आज्ञा मिळाली की प्रत्येक डिटोनेटर आपल्याच कपॅसिटरमधल्या विजेवर मोजत राहतो, वर वायर तुटली तरी बिघडत नाही. शिवाय प्रत्येकाला स्वतःचा क्रमांक असतो आणि उडवण्याआधी प्रत्येकाकडून ‘हजर’ घेता येतं. जो उत्तर देत नाही तो आधीच सापडतो. न उडालेला सुरुंग ढिगाऱ्यात राहून नंतर शॉव्हेलच्या (खोदयंत्राच्या) दाताखाली येणं, याच्याइतकी भीतीदायक गोष्ट खाणकामात क्वचितच असेल.

काही ठिकाणी अजूनही मुहूर्त पाहून कामाला सुरुवात करतात. एक घटिका २४ मिनिटांची, आणि इथे माणसाचा जीव १० मिलिसेकंदांवर टांगलेला. नारळ जरूर फोडा, पण होलांची यादी तपासल्यानंतर.

आणि हे घड्याळ सगळं सांभाळतं असंही समजू नका. होल वाकडा पडला, तोंडाशी भरण कमी पडलं, तर दगड उडणारच. हादऱ्याचं गणितही सरळ नाही. हादरा मोजतात तो जमिनीच्या कणांच्या सर्वोच्च वेगाने, आणि हा वेग अंतर भागिले एका वेळच्या स्फोटकाचं वर्गमूळ, याच्या ऋण घातांकावर ठरतो; म्हणजे अंतर वाढलं किंवा एका वेळचं स्फोटक घटलं की हादरा उतरतो. घातांक दीड धरला तर वरच्या उदाहरणात हादरा सुमारे ३० पटींनी उतरतो, पण प्रत्येक खाणीतल्या खडकाचा घातांक वेगळा असतो आणि तो तिथेच मोजावा लागतो.

खाणीजवळच्या गावकऱ्यांनी म्हणून दोन आकडे मागावेत: एका वेळी जास्तीत जास्त किती किलो उडवलं, आणि घरापाशी हादरा सेकंदाला किती मिलिमीटर नोंदला गेला. खाणींच्या सुरक्षेवर देखरेख करणाऱ्या डीजीएमएस या केंद्रीय संस्थेने खाणीच्या मालकीबाहेरच्या साध्या घरांसाठी ८ हर्ट्झखालच्या (सेकंदाला ८ पेक्षा कमी कंपनांच्या) हादऱ्याची मर्यादा सेकंदाला ५ मिलिमीटर ठरवली आहे.