ग्रीक पुराणकथांतील नावे आणि त्यांवरून आलेले इंग्रजी शब्द

ग्रीक पुराणकथांतील देवदेवता, टायटन (देवांच्या आधीच्या पिढीचे महाकाय), वीर आणि राक्षस यांच्या नावांवरून इंग्रजीत रूढ झालेला शब्दांचा एक मोठा गट आहे. पॅनिक, एको, म्युझियम, अ‍ॅटलस, सायरन, मेंटॉर, नेमेसिस, टायटॅनियम, मॉर्फीन ही त्यांतली ओळखीची उदाहरणे. काही तर आता मराठी बोलण्यातही रुळली आहेत. हे शब्द लोकांच्या तोंडून आपोआप झिरपत आले, असा सर्वसाधारण समज असतो. प्रत्यक्षात त्यांतले पुष्कळसे शब्द १६ व्या ते १९ व्या शतकांत ठरावीक माणसांनी ठरावीक कारणासाठी घडवले आणि ते कारण बहुतेकदा नेमके सांगता येते.

ग्रीक कथा इंग्लंडात पोहोचल्या त्या मुख्यतः लॅटिनमधून. ओव्हिड या रोमन कवीचे ‘मेटॅमॉर्फसीस’ हे काव्य युरोपातल्या लॅटिन शाळांत पिढ्यान्‌पिढ्या शिकवले गेले. आर्थर गोल्डिंगने केलेला त्याचा इंग्रजी पद्यानुवाद १५६७ मध्ये पूर्ण छापून आला. त्यामुळे पुढच्या काळातल्या वैद्याला, रसायनशास्त्रज्ञाला किंवा नकाशे काढणाऱ्याला नव्या वस्तूसाठी नाव हवे झाले की ही पात्रे हाताशी असत.

‘पॅनिक’ हा जुन्यांपैकी एक. पॅन हा आर्केडियाच्या डोंगराळ भागातला, बोकडाच्या पायांचा, गुराख्यांचा देव. कळप एकाएकी उधळला किंवा रात्री छावणीतले सैन्य कारण नसताना भेदरून पळत सुटले, तर ती पॅनची करणी मानत. मॅरेथॉनच्या लढाईच्या वेळी (इ. स. पू. ४९०) अथेन्सचा निरोप घेऊन स्पार्टाला धावत निघालेल्या दूताला वाटेत डोंगरावर पॅन भेटला आणि पुढे अथेन्सकरांनी अ‍ॅक्रोपोलिसच्या पायथ्याशी त्याचे देवस्थान केले, असे ग्रीक इतिहासकार हिरॉडोटसने नोंदवले आहे. कारण नसलेली, एकाकडून दुसऱ्याकडे पसरणारी भीती हा मूळ अर्थ या शब्दाने आजवर टिकवला आहे.

कथा आणि शब्द यांचा सर्वांत चोख मेळ ‘टँटलम’ या धातूच्या नावात दिसतो. टँटलस राजाने देवांची परीक्षा पाहण्यासाठी पोटच्या मुलाला कापून त्यांच्या पानात वाढले, अशी कथा आहे. पाताळात त्याला झालेली शिक्षा ग्रीक कवी होमरने ‘ओडिसी’ या महाकाव्याच्या ११ व्या सर्गात वर्णिली आहे. म्हातारा हनुवटीपर्यंत पाण्यात उभा आहे, पण प्यायला वाकला की पाणी नाहीसे होऊन पायाखाली काळी माती उरते. डोक्यावर नासपती, डाळिंब, सफरचंद, अंजीर, ऑलिव्ह लगडले आहेत. हात वर केला की वारा फांद्या ढगांकडे उडवतो. ‘टँटलाइझ’, म्हणजे दाखवून न देणे, हे क्रियापद यावरूनच आले. १८०२ मध्ये स्वीडनच्या अँडर्स एकेबर्गला नवा धातू सापडला. त्याचे ऑक्साइड आम्लात बुडवून ठेवले तरी आम्लाचा कणही घेईना, म्हणून त्याने हे नाव दिले. पुढे १८४४ मध्ये हाइनरिख रोझेने त्याच खनिजात मिळालेल्या जुळ्यासारख्या मूलद्रव्याला टँटलसच्या मुलीचे, नायोबीचे, नाव देऊन नायोबियम म्हटले. शरीरातल्या द्रवांचाही टँटलमवर परिणाम होत नाही, म्हणून शस्त्रक्रियेत शरीरात बसवायच्या भागांसाठी तो वापरतात.

सायरनचा प्रवास जास्त वळणांचा. होमरच्या सायरन गाण्याने खलाशांना भुलवून नाशाकडे ओढत; ‘ओडिसी’चा नायक ओडिसियस याने सोबत्यांच्या कानांत मेण भरले आणि स्वतःला डोलकाठीला बांधून घेऊन ते गाणे ऐकले. ग्रीक भांड्यांवरच्या चित्रांत त्या बाईच्या तोंडाचे पक्षी आहेत. माशाची शेपटी त्यांना मध्ययुगात मिळाली. १८१९ मध्ये फ्रान्सच्या शार्ल कान्यार द ला तूर याने भोके पाडलेल्या फिरत्या चकतीतून हवा सोडून आवाज काढणारे, कंपने मोजायचे उपकरण सुधारले. ते पाण्याखालीही वाजे, म्हणून त्याने त्याला सायरन हे नाव दिले. कारखाने, जहाजे आणि पुढे हवाई हल्ल्याचा इशारा या वाटेने ते सर्वत्र गेले. गिरणगावात त्यालाच ‘भोंगा’ म्हणत. भुलवून जवळ ओढणारा आवाज धोक्यापासून दूर पळवणारा झाला, इतकी उलटापालट या गटात दुसऱ्या शब्दाची क्वचितच झाली असेल.

स्वयंपाकघरातला ‘गॅस’ही याच कुळातला आहे, हे सहसा लक्षात येत नाही. ब्रसेल्सच्या यान बाप्टिस्ट फान हेलमाँटने ज्वलनातून व आंबण्यातून निघणाऱ्या वायूला हे नाव दिले आणि ते प्राचीनांच्या ‘केऑस’वरून घेतल्याचे स्वतः लिहिले. डच उच्चारात ‘ग’ हा ‘केऑस’मधल्या पहिल्या ग्रीक अक्षराच्या घशातल्या उच्चाराच्या अगदी जवळ जातो. ग्रीक कवी हेसिअडच्या सृष्टिकथेत केऑस म्हणजे सर्वांआधीची पोकळी. गोंधळ हा अर्थ ओव्हिडनंतर बळावला.

‘मेंटॉर’ हा ओडिसियसचा वयस्क मित्र. होमरच्या काव्यात तो स्वतः फारसे काही करत नाही. त्याचे रूप घेऊन ओडिसियसच्या मुलाला, टेलेमॅकसला, वाट दाखवते ती अथीना देवी. मार्गदर्शक हा अर्थ रुजला तो फ्रेंच लेखक फेनलाँ याच्या १६९९ च्या कादंबरीमुळे. अ‍ॅटलस या टायटनच्या खांद्यावर पृथ्वी नसून आकाश आहे. नकाशांच्या पुस्तकाला त्याचे नाव नकाशाकार मर्केटरने दिले (१५९५), पण त्याच्या मनात होता तो याच नावाचा मॉरिटेनियाचा विद्वान राजा.

मराठीतही पौराणिक नावांचे असे शब्द आहेत: भगीरथ प्रयत्न, कुंभकर्णी झोप, त्रिशंकू अवस्था, भस्मासुर. मात्र इथे बोलणाऱ्याला आणि ऐकणाऱ्याला कथा ठाऊक असते. इंग्रजीत ‘पॅनिक’ म्हणणाऱ्याला पॅन आठवावा लागत नाही.

हीलियमबाबत महाराष्ट्रात एक गैरसमज आहे. १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणात इंग्रज खगोलशास्त्रज्ञ नॉर्मन लॉकियरने विजयदुर्ग किल्ल्यावरून हीलियमचा शोध लावला, असे सांगतात. लॉकियर तेव्हा इंग्लंडमध्ये होता. सूर्याच्या वर्णपटातली ती पिवळी रेषा त्याने ऑक्टोबरमध्ये तिथूनच पाहिली. हेलिऑस या सूर्यदेवाच्या, आणि सूर्याच्याही, नावावरून हीलियम हा शब्द झाला. पृथ्वीवर तो वायू विल्यम रॅम्झीला १८९५ मध्ये मिळाला. लॉकियर विजयदुर्गला आला होता हे खरे, पण २२ जानेवारी १८९८ च्या ग्रहणासाठी. त्याच्या मदतीला असलेल्या ब्रिटिश युद्धनौकेचे नाव होते मेल्पॉमिनी, म्हणजे शोकनाट्याची म्यूझ (कलांच्या देवींपैकी एक).

काही शब्द या गटात चुकून धरले जातात. व्होल्कॅनो (ज्वालामुखी), सीरियल (धान्य) आणि मार्शल (युद्धविषयक) हे व्हल्कन, सेरीझ आणि मार्स या रोमन देवतांचे. क्रोनॉलॉजी हा काळवाचक ‘ख्रोनॉस’वरून आला असून झ्यूसचा बाप क्रोनस याच्याशी त्याचा संबंध नाही. उलट ‘क्लू’ हा शब्द जर्मॅनिक, मूळ अर्थ सुताचा गुंडा. त्याला ‘धागादोरा’ हा अर्थ मिळाला तो अ‍ॅरिअ‍ॅडनीने दिलेल्या दोऱ्याच्या आधारे चक्रव्यूहातून बाहेर पडलेल्या थीसियसच्या कथेमुळे.