एकच हंगाम, दोन ‘सर्वोत्तम’ डिफेन्समन

२००८ मध्ये कॅनडाच्या ज्युनियर आइस हॉकीत सर्वोत्तम डिफेन्समन कोण ठरला? ड्रू डाउटी म्हणालात तरी बरोबर आणि कार्ल ऑल्झ्नर म्हणालात तरी बरोबर. क्विझमध्ये हा प्रश्न आला की हमखास वाद होतो, कारण दोन्ही बाजूंकडे पुरावा असतो. पुरस्कारच दोन आहेत. एक मॅक्स कॅमिन्स्की ट्रॉफी आणि दुसरा सीएचएलचा ‘डिफेन्समन ऑफ द इयर’.

आधी डिफेन्समन म्हणजे कोण ते सांगतो. गोलरक्षक सोडला तर बर्फावर एका संघाचे पाच जण असतात, त्यांतले दोघे मागचे. आपल्या मैदानी हॉकीतले जुने फुलबॅक आठवा. फरक इतकाच की इथला मागचा खेळाडू पक (चेंडूऐवजी असलेली रबरी चकती) घेऊन सरळ समोरच्या गोलपर्यंत जातो आणि कोणी त्याला रागावत नाही.

आता गोंधळाचं मूळ. सीएचएल म्हणजे कॅनेडियन हॉकी लीग. नाव लीगचं असलं तरी ती प्रत्यक्षात एक छत्री आहे. तिच्याखाली तीन वेगळ्या लीग चालतात: ऑन्टारियोची ओएचएल, पश्चिमेकडची डब्ल्यूएचएल आणि क्युबेक व अटलांटिक किनाऱ्याकडची क्यूएमजेएचएल. खेळाडू साधारण १६ ते २० वर्षांचे. प्रत्येक लीग आपापला सर्वोत्तम डिफेन्समन निवडते. ओएचएलच्या त्या पुरस्काराचं नाव मॅक्स कॅमिन्स्की ट्रॉफी. पश्चिमेत तोच मान बिल हंटर यांच्या नावाने दिला जातो, क्युबेककडे एमिल बुशार यांच्या नावाने. मग या तिघांतून एकाला सीएचएलचा पुरस्कार मिळतो. म्हणजे आधी विभागीय पहिला, मग तिन्ही विभागांत पहिला. कॅमिन्स्की जिंकल्याशिवाय ओएचएलच्या पोराला वरचा पुरस्कार मिळणं अवघड, पण कॅमिन्स्की जिंकली म्हणून वरचा मिळेलच असं अजिबात नाही.

२००८ मध्ये नेमकं तेच झालं, आणि मला ही जोडी फार आवडते. डाउटी ग्वेल्फ स्टॉर्मचा, पक पायाला बांधल्यासारखा घेऊन फिरणारा. त्या हंगामात ५८ सामन्यांत १३ गोल आणि ३७ असिस्ट, म्हणजे सहकाऱ्याच्या गोलला लावलेला हातभार. ऑल्झ्नर कॅलगरी हिटमेनचा. त्याचे गोल फक्त ७. पण समोरच्या संघाचा सर्वांत धोकादायक फॉरवर्ड बर्फावर आला की त्याला जखडून ठेवायला हाच उतरायचा. कॅमिन्स्की डाउटीला, सीएचएलचा पुरस्कार ऑल्झ्नरला. गोल-असिस्टच्या आकड्यांना भुलणाऱ्या या खेळात कमी गोलवाला वर गेला, हे दुर्मीळच म्हणायचं. गंमत अशी की त्याच वर्षी जानेवारीत दोघेही कॅनडाच्या एकाच संघातून ज्युनियर विश्वविजेतेपद खेळले आणि सुवर्णपदक घेऊन परतले. कर्णधार होता ऑल्झ्नर, आणि स्पर्धेतला सर्वोत्तम डिफेन्समन ठरला डाउटी! म्हणजे ‘सर्वोत्तम’ हा शिक्का त्या हंगामात दोघांवरही उमटला.

दोन्ही पुरस्कार एकाच माणसाकडे गेले की लोक ते एकच समजतात. १९८९ चा ब्रायन फोगार्टी घ्या. नायगरा फॉल्स थंडरकडून त्याने एका हंगामात ४७ गोल आणि १०८ असिस्ट केले, म्हणजे १५५ गुण, तेही डिफेन्समन असून! कॅमिन्स्की त्याची, सीएचएलचा पुरस्कारही त्याचा. (पुढे दारूच्या व्यसनाने त्याची कारकीर्द पोखरली आणि २००२ मध्ये तो ३२ व्या वर्षी गेला. ज्युनियरचे आकडे वाचून भविष्य सांगू नये ते यासाठी.) १९९३ मध्ये पीटरबरो पीट्सच्या क्रिस प्रोंगरनेही दोन्ही पटकावले.

जुनं नाव समोर आलं तर साल बघावं. सीएचएलचा पुरस्कार सुरू झाला १९८८ मध्ये, पहिला मानकरी कॅमलूप्स ब्लेझर्सचा ग्रेग हॉगूड. त्यामुळे डेनिस पोटव्हिनच्या नावापुढे कोणी ‘सीएचएल डिफेन्समन ऑफ द इयर’ लिहिलं असेल तर ती चूक आहे. त्याने ओटावाकडून खेळताना १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला जिंकली ती कॅमिन्स्की. आणि नॉरिस ट्रॉफी या दोन्हींपेक्षा वेगळी. ती थेट एनएचएलची, म्हणजे उत्तर अमेरिकेतल्या मोठ्यांच्या व्यावसायिक लीगची, तिथल्या सर्वोत्तम डिफेन्समनला मिळणारी. पोटव्हिनने ती तीनदा घेतली, डाउटीने २०१६ मध्ये.

कॅमिन्स्कीच्या यादीत आणखी एक खड्डा आहे. मॅक्स कॅमिन्स्की हा १९३० च्या दशकात एनएचएल खेळलेला आणि नंतर सेंट कॅथरिन्स टीपीजचा प्रशिक्षक झालेला माणूस. १९६१ मध्ये तो वारला आणि त्याच्या नावाने ट्रॉफी आली, पण ती सुरुवातीला डिफेन्समनसाठी नव्हतीच. १९६९ पर्यंत ती लीगमधल्या सर्वांत सभ्य खेळाडूला मिळायची. मग १९६९-७० पासून तीच ट्रॉफी समोरच्याला कडेच्या फळीवर आपटणाऱ्या जमातीकडे गेली! पहिला डिफेन्समन मानकरी पीटरबरोचा रॉन प्लम. तेव्हा यादीच्या सुरुवातीला एखादा फॉरवर्ड दिसला तर छापण्यात चूक झाली असं समजू नका.