स्व्येराक, झ्देन्येक
स्व्येराक, झ्देन्येक : (२८ मार्च १९३६ – ). चेक पटकथाकार, नाटककार, गीतकार व अभिनेते. जन्म प्राग येथे. चेक भाषा-साहित्याचे अध्यापक म्हणून शिक्षण घेऊन त्यांनी झातेत्स परिसरातल्या शाळांत काही वर्षे शिकवले. नंतर नभोवाणीत गेल्यावर हातातला खडू सुटला, मास्तरकी मात्र लेखणीत कायम राहिली.

नभोवाणीवर एका ‘दारू न मिळणाऱ्या गुत्त्या’चा विनोदी कार्यक्रम चाले. त्यात १९६६ मध्ये यारा त्सिमर्मन हा काल्पनिक महापुरुष जन्मला. हा कवी, संशोधक, प्रवासी, सगळ्यातच प्रवीण. पण प्रत्येक शोधाच्या वेळी कोणीतरी त्याच्या आधी पोहोचलेले. स्व्येराक, लादिस्लाव स्मोल्याक आणि मित्रांनी त्याच्या नावाने नाटकमंडळी काढली व १९६७ मध्ये पहिला प्रयोग केला. पूर्वार्धात त्सिमर्मनवर अत्यंत गंभीर चेहऱ्याने विद्वत्तापूर्ण व्याख्याने, उत्तरार्धात त्याचे ‘सापडलेले’ नाटक, स्त्रीभूमिकाही पुरुषांकडेच, असा हा बाज. २००५ मध्ये चेक दूरचित्रवाणीने सर्वश्रेष्ठ चेक व्यक्तीसाठी कौल मागितला, तेव्हा लोकांनी त्सिमर्मनलाच इतकी मते दिली की तो अस्तित्वातच नाही म्हणून त्याला बाद करावे लागले.

स्मोल्याक यांच्यासह लिहिलेल्या ‘मारेच्कू, पोदेइत्ये मी पेरो’ (१९७६) या चित्रपटात कारखान्यातली प्रौढ माणसे रात्रशाळेच्या बाकांवर पुन्हा मुलांसारखी वागू लागतात. यिर्झी मेन्झेल यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘व्येस्निच्को मा स्त्रशेदिस्कोवा’च्या (१९८५) नावातच गंमत आहे : लाडाने गावाला मारलेली हाक आणि तिला जोडलेला सरकारी नियोजनातला रुक्ष शब्द. गावातला जाडजूड ट्रकचालक आणि त्याचा मंदबुद्धी मदतनीस ओतिक यांची ही कथा ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोहोचली.

पुत्र यान दिग्दर्शक झाल्यावर बापलेकांची जोडी जमली. पटकथा वडिलांची आणि बहुधा एक भूमिकाही. युद्धोत्तर काळातल्या बेशिस्त वर्गाचा ‘ओबेत्स्ना श्कोला’ (१९९१) हा त्यांचा पहिला मोठा चित्रपट. त्यालाही ऑस्करचे नामांकन मिळाले. ‘कोल्या’ (१९९६) हा सर्वांत गाजलेला. स्मशानातल्या अंत्यविधींत चेलो वाजवून पोट भरणारा एक अविवाहित वादक पैशांसाठी रशियन बाईशी कागदोपत्री लग्न करतो. ती पश्चिम जर्मनीला निघून जाते आणि तिचा लहानगा मुलगा याच्या गळ्यात पडतो. रशियन भाषा घरात नको असलेला माणूस त्या पोराशी बोलायला तीच भाषा धुंडाळतो. राजकारण त्यात आहे, पण दारामागून ऐकू येणाऱ्या आवाजाइतकेच. परभाषी चित्रपटाचे ऑस्कर त्याला १९९७ मध्ये मिळाले.

संगीतकार यारोस्लाव उह्लिर्झ यांच्याबरोबर त्यांनी लहान मुलांसाठी रचलेली गाणी चेक घरांत पाठ असतात.

‘व्रात्ने लाह्वे’मध्ये (२००७) त्यांनी स्वतःच साकारलेल्या वृद्ध शिक्षकाचा वर्गात संयम सुटतो. नोकरी सोडून तो बाजारातल्या रिकाम्या बाटल्या परत घेण्याच्या खिडकीत जाऊन बसतो, आणि तिथून येणाऱ्याजाणाऱ्यांच्या संसारात लक्ष घालू लागतो.